सातेरीची पेटी

धरणाआधीचं आमचं गाव मी पाहिलेलं नाही, ते शिवसागराच्या तळाशी आहे. १९६० च्या दशकात कोयनेचं पाणी चढू लागलं तेव्हा काही घरं लांब नेऊन वसवली, आणि जी गेली नाहीत ती डोंगर चढून वर बसली. आमचं घर त्या वर बसलेल्यांतलं. भातखाचरं पाण्यात गेलेल्या घरांतली पुढची पिढी मुंबईला माथाडी कामाला लागली, त्यात माझे वडील. आम्ही भावंडं कोपरखैरण्यात वाढलो. गाव म्हणजे मे महिना, फणस आणि तापोळ्याहून पलीकडे जाणारी लाँच, एवढंच माझ्या डोक्यात होतं. चार वर्षांपूर्वी आई गेली. वडिलांना मुंबईत करमेना, ते गावी आले, आणि त्यांना एकटं ठेवणं जिवावर आलं म्हणून मीही आलो.

इथे येऊन करायचं काय, हा प्रश्न पहिल्याच पावसाळ्यात उभा राहिला. उताराची दीड एकर जमीन, त्यात नाचणी आणि वरी. ती घरात खायला पुरते, विकायला नाही. गावातली तरुण पोरं एक तर लाँचवर किंवा वर महाबळेश्वरात हॉटेलांत कामाला. शेजारच्या नानांकडे मात्र परसात मधमाश्यांच्या चार लाकडी पेट्या होत्या आणि सत्तरी उलटलेला तो माणूस रोज सकाळी त्यांच्यापुढे पाटावर बसून नुसता बघत असे. एकदा मी विचारलं, नाना, मलाही जमेल का? ते म्हणाले, "जमंल की. पण पेटी घ्यायच्या आधी रान बघ. फुलंच नसली तर माश्या खातील काय?"

अर्जाचं काम मला वाटलं होतं त्याहून सोपं निघालं. राज्याच्या खादी व ग्रामोद्योग मंडळाची मध केंद्र योजना आहे. साताऱ्याला जाऊन अर्ज दिला, सातबारा, आधार, पासबुकाची प्रत जोडली. वैयक्तिक मधपाळाला दहा दिवसांचं प्रशिक्षण घ्यावंच लागतं, साहित्याच्या खर्चातला निम्मा वाटा आपला, निम्मा अनुदानाचा. प्रशिक्षणासाठी नोव्हेंबरात महाबळेश्वरला बोलावणं आलं. मंडळाचं मध संचालनालय तिथेच आहे.

मी लहानपणापासून महाबळेश्वर पाहिलं होतं ते पर्यटकासारखंच. आर्थर सीट, विल्सन पॉइंट, वेण्णा तलाव, पेठेत मक्याचं कणीस. विल्सन पॉइंट १४३९ मीटर उंचीवर, कृष्णा, कोयना, वेण्णा, सावित्री आणि गायत्री या पाच नद्या इथून निघतात, एवढी शाळकरी माहिती होती. प्रशिक्षणाच्या दुसऱ्या दिवशी सरांनी आम्हाला वर्गाबाहेर काढलं आणि रस्त्याच्या कडेच्या बुटक्या, दाट झाडीत नेलं. तीन झाडं हातात धरून दाखवली: अंजनी, जांभूळ, पिसा. म्हणाले, वनस्पतिशास्त्राच्या पुस्तकात महाबळेश्वरच्या सदाहरित जंगलाचं नावच या तीन झाडांवरून पडलंय. ज्या झाडीकडे पाठ करून मी आजवर दरीचे फोटो काढत आलो होतो, ती झाडी मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिली. जांभ्या दगडावर हातभर माती, वर्षाला पाच हजार मिलिमीटरहून जास्त पाऊस आणि माथ्यावरचा वारा, म्हणून ही झाडं उंच वाढत नाहीत. पण फुलायला लागली की माश्यांना दुसरं काही लागत नाही.

वर्गात चार जातींची ओळख झाली. आग्या माशी उघड्यावर एकच मोठं पोळं बांधते, ती पेटीत राहत नाही. फुलोरी लहानशी, झुडपात एक छोटं पोळं. डंख नसलेली पोयाची माशी भिंतीच्या फटीत. आणि सातेरी. ती झाडाच्या ढोलीत, वारुळात, खडकाच्या कपारीत, म्हणजे अंधारात राहते आणि एकाशेजारी एक अशी समांतर पोळी बांधते. तिची ही सवय आहे म्हणूनच ती पेटीत राहू शकते. दोन पोळ्यांमध्ये माश्यांना पाठीला पाठ लावून वावरता येईल एवढीच फट त्या सोडतात. त्याहून जास्त जागा दिसली की तिथे मेण बांधतात, कमी असली की बुजवून टाकतात. लँगस्ट्रॉथ नावाच्या अमेरिकन धर्मोपदेशकाने १८५१ मध्ये ही फट ओळखली आणि त्यातून उचलून काढता येणाऱ्या चौकटींची पेटी आली. त्याआधी मध काढायचा म्हणजे पोळं कापायचं, पिळायचं आणि पिलांचा चुराडा करायचा.

चौकट हातात धरायला शिकलो. ती आडवी करायची नाही, कारण कोवळं पोळं उन्हात स्वतःच्या वजनाने तुटतं. अंडी बघायला सूर्य पाठीमागे घ्यायचा. तांदळाच्या कणीहून बारीक, पोळ्याच्या एकेका कप्प्याच्या, म्हणजे कोठडीच्या, तळाशी उभं असलेलं पांढरं टोक. अंडी दिसली की राणी तीन दिवसांत तिथे होती हे नक्की, ती डोळ्यांना दिसो न दिसो. मला पहिलं अंडं चौथ्या दिवशी दिसलं आणि त्या रात्री मला झोप लागली नाही, इतका आनंद झाला होता.

डिसेंबरात नानांनी आमच्याच मालकीच्या बांधावर, एका जुन्या हिरड्याच्या ढोलीत सातेरीचं मोहोळ दाखवलं. पलीकडे कोयना अभयारण्य आहे, तिथल्या झाडाला हात लावायचा नाही, हे त्यांनी आधी बजावलं. आम्ही ऊन उतरल्यावर गेलो. नानांनी काथ्याचा धूर दिला, फार नाही, तोंडाशी दोनदाच. मग त्यांनी ढोलीत कोपरापर्यंत हात घातला, उघडा हात, आणि एकेक पोळं बाहेर काढलं. मधाचं पोळं वेगळं ठेवायचं. पिलांचं पोळं चौकटीच्या मापाने कापायचं आणि केळीच्या सोपटाने चौकटीला बांधायचं. दोन दिवसांत माश्या ते मेणाने चिकटवतात आणि सोपट कुरतडून बाहेर टाकतात. सगळ्यात शेवटी राणी. नानांनी ती ओंजळीतल्या घोळक्यातून ओळखली, इतरांपेक्षा लांब पोट, गडद रंग, आणि घोळक्यासकट तिला पेटीत सोडलं. "आता बघ," म्हणाले. ढोलीतल्या उरलेल्या माश्या वळल्या. पेटीच्या दारात उभ्या राहून पोट वर करून पंख हलवू लागल्या आणि बाकीच्या त्यांच्या मागून रांगेने आत चालत गेल्या. अंधार पडेपर्यंत आम्ही तिथेच बसून होतो. मग दार गवताने बंद केलं आणि पेटी डोक्यावर घेऊन अडीच किलोमीटर चालत परसात आणली. सातेरी साधारण किलोमीटर-दीड किलोमीटरच्या आत चरते. तेवढ्या अंतरात पेटी हलवली तर माश्या ओळखीच्या वाटेने जुन्या ढोलीकडे परत जातात.

ती वसाहत सतरा दिवस माझ्याकडे राहिली.

चूक माझी होती आणि ती सविस्तर सांगतो, कारण नव्याने सुरू करणारे बहुतेक जण ती करतात. मी पेटी रोज उघडत होतो. अंडी आहेत का, राणी आहे का, सोपट तुटलं का, मुंग्या चढल्या का. प्रत्येक वेळी पेटीतली ऊब जाते, माश्यांचं काम थांबतं. डिसेंबरातल्या थंडीत पिलांना ऊब ठेवण्यासाठी त्यांना सगळं बळ लावावं लागतं. त्यातून मी त्यांना पाकही दिला नव्हता, कारण रानात पिसा फुललेला दिसत होता आणि मला वाटलं तेवढं पुरेल. शेवटच्या चार दिवसांत पराग आणणाऱ्या माश्या जवळजवळ थांबल्या होत्या. पायांना पिवळ्या गोळ्या लावून येणारी माशी म्हणजे आत पिलं वाढताहेत याची खूण, हे मी शिकलो होतो, तरी समोर दिसत असून कळलं नाही. अठराव्या दिवशी सकाळी अकराच्या सुमारास पेटीतून मोठा आवाज झाला, सगळ्या माश्या बाहेर पडल्या, जांभळीच्या शेंड्याभोवती पाच मिनिटं फिरल्या आणि दरीच्या बाजूने निघून गेल्या. पेटीत उरली ती रिकामी पोळी आणि तळाला दोन-चार मेणअळ्या.

वडील पडवीतून बघत होते. त्यांनी मला काही विचारलं नाही. दुपारी चहा करून आणला आणि शेजारी बसले. मुंबईत असतानाच्या माझ्या कुठल्याही अपयशापेक्षा ती दुपार मला जड गेली.

फेब्रुवारीत नानांनी स्वतःची भरलेली पेटी फोडून मला अर्धी वसाहत दिली. राणी त्यांच्याकडे ठेवली आणि मला अंडी, पिलं आणि राणीची एक बंद कोठडी असलेल्या चौकटी दिल्या. बंद कोठडी म्हणजे शेंगदाण्याच्या शेंगेसारखी पोळ्याच्या कडेला लोंबणारी. राणी अंड्यापासून सुमारे सोळा दिवसांत बाहेर येते, मग काही दिवसांनी मिलनाच्या उड्डाणाला जाते, परत आल्यावर अंडी घालू लागते. "तीन आठवडे झाकणाला हात लावायचा न्हाई," नाना म्हणाले. मी लावला नाही. रोज सकाळी पाट घेऊन दारासमोर बसलो आणि किती माश्या पराग आणतात ते मोजत राहिलो. नाना पेटीसमोर बसून काय बघतात ते तेव्हा मला कळलं. विसाव्या दिवशी पराग वाढला. पंचविसाव्या दिवशी पेटी उघडली आणि अंडी होती.

मार्चच्या अखेरीस खालच्या उतारावरच्या जांभळी फुलल्या. वर पठारावर त्या नंतर फुलतात, हे मला वडापच्या जीपमधून तापोळा ते महाबळेश्वर घाट चढताना दिसलं. पंचवीसेक किलोमीटरच्या त्या वाटेवर खाली फुलोरा झडत होता आणि वर कळ्या होत्या. इतकी वर्षं त्या घाटाची वळणं मोजत आलो होतो.

एका सकाळी नऊच्या सुमारास पेटी तपासताना चौकटीवर एक माशी थरथरत सरळ खाली चालताना दिसली. मग गोल फिरून पुन्हा वरून खाली, पुन्हा तशीच. प्रशिक्षणात या नाचाबद्दल सांगितलं होतं. कार्ल फॉन फ्रिश यांनी त्याचा अर्थ लावला आणि १९७३ मध्ये त्यांना नोबेल मिळालं. उभ्या पोळ्यावर वर जाणारी चाल म्हणजे सूर्याच्या दिशेला, खाली जाणारी म्हणजे सूर्याच्या नेमकी उलट. सूर्य पूर्वेला, पाण्यावर होता. म्हणजे माश्या पश्चिमेला, डोंगरावर जात होत्या. मला वाटत होतं त्या परसामागच्या जांभळीवरच आहेत. मी चौकट ठेवली, पेटी बंद केली आणि त्या दिशेने चढायला लागलो. पाऊण तासाने गावदेवीची राई लागली.

त्या राईत मी लहानपणी नारळ फोडायला गेलो होतो, वर मान करून कधी बघितलं नव्हतं. दोघांच्या कवेत मावणार नाहीत अशा जांभळी, शेंड्यापासून पांढऱ्या, आणि सबंध राई गुणगुणत होती. देवीच्या रानातली काडीसुद्धा कुणी नेत नाही, म्हणून ती झाडं उरली. आजूबाजूच्या मालकीच्या उतारांवर तेवढं जुनं एकही झाड नाही, कोळशासाठी, लाकडासाठी कधीच तुटली. माझ्या पेटीतला मध त्या भीतीने किंवा त्या श्रद्धेने राखलेला आहे, हे मी त्या दिवसापासून धरून चाललो आहे. महाबळेश्वर-पाचगणी भाग २००१ मध्ये पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील क्षेत्र म्हणून जाहीर झाला, त्याचा उपयोग आहेच. पण कागद पोचत नाही अशा आमच्या कडेच्या गावांत झाडं टिकली ती राईंमध्ये.

पहिला मध एप्रिलच्या मध्यावर काढला. चौकटीतल्या बहुतेक कोठड्या मेणाने बंद झाल्या की मध पक्का. त्याआधी काढला तर त्यात पाणी जास्त राहतं आणि तो आंबतो. सुरी गरम पाण्यात बुडवून मेणाची झाकणं तासली, चौकटी यंत्रात उभ्या केल्या, नानांनी हँडल फिरवलं. मधकोठीतला मध घेतला, खालच्या पिलांच्या कोठीतल्या मधाला हात लावला नाही, पावसाळ्यात तो त्यांना लागतो. दीड किलोच्या वर थोडा निघाला. गडद, जिभेवर शेवटी किंचित कडसर. वडिलांनी चमच्याने चाखला, आणि बराच वेळ गेल्यावर म्हणाले, "आमच्या आईनं दिलेला असाच होता." ते कधीच खालच्या गावाबद्दल बोलत नाहीत. त्या संध्याकाळी बोलले. कुठल्या खाचराच्या कडेला जांभूळ होती, कुठे ओढा होता, तेही सांगितलं.

इथे एक गोष्ट सांगून ठेवतो, गिऱ्हाइकांशी बोलताना रोज सांगावी लागते. थंडीत मध दाणेदार होतो, घट्ट बसतो, म्हणून त्यात साखर आहे असं समजू नका. मधातलं ग्लुकोज स्फटिक होऊन बसतं, एवढंच. बाटली कोमट पाण्यात ठेवली की पातळ होतो. वर्षभर पाण्यासारखा पातळ राहणारा मध विकत घेताना मात्र मी दोनदा विचार करीन.

दुसऱ्या वर्षी माझ्याकडे तीन पेट्या झाल्या. भिलारला माझा मावसभाऊ स्ट्रॉबेरी करतो. भिलार म्हणजे २०१७ पासूनचं पुस्तकांचं गाव. तिथल्या घराघरांत वाचायला पुस्तकं मांडलेली असतात, आणि मागच्या दाराला गादीवाफ्यांवर स्ट्रॉबेरी. तो म्हणाला, दोन पेट्या आण, बघू काय होतं. स्ट्रॉबेरीचं आपण जे खातो ते फुलाचं फुगलेलं देठ, आणि वरचे पिवळे ठिपके ही खरी फळं. ज्या ठिपक्याला पराग मिळत नाही त्याखालचा गर फुगत नाही, म्हणून फळ वाकडं होतं. जानेवारीत अंधार पडल्यावर दारं बंद करून पेट्या लाँचने तापोळ्याला आणल्या, तिथून पिकअपने रात्रीच भिलार. पहाटेपर्यंत मी पेट्यांना कान लावत होतो.

बाविसाव्या दिवशी त्याचा सकाळी फोन आला. गेलो तेव्हा एका पेटीसमोर मेलेल्या माश्यांचा थर होता, सगळ्यांच्या सोंडा बाहेर. शेजारच्या वाफ्यांवर सकाळी फवारणी झाली होती, माश्या चरायला बाहेर पडण्याच्या वेळेला. फवारणाऱ्याला पेट्या आहेत हे माहीतच नव्हतं, आणि आम्ही सांगितलंही नव्हतं. माझा राग त्याच्यावर फार वेळ टिकला नाही, तो माणूस स्वतः येऊन त्या थराजवळ उकिडवा बसला आणि हाताने माश्या उलटून बघत राहिला. त्या संध्याकाळी आळीतल्या सहा शेतकऱ्यांनी बसून ठरवलं: फवारणी सूर्य मावळल्यावर, आदल्या दिवशी फोन, आणि त्या रात्री पेटीच्या दाराला जाळी. त्या हंगामात आणि पुढच्या हंगामातही सगळ्यांनी ते पाळलं. मेलेली वसाहत सावरली नाही. दुसरी जगली, आणि मावसभावाच्या मते तिच्या बाजूच्या ओळींतली वाकडी फळं कमी झाली. मी तराजू लावलेला नाही, पण यंदा त्याने स्वतः पेट्या मागितल्या.

महाबळेश्वराजवळच्या मांघरला मी दोनदा जाऊन आलो. २०२२ मध्ये ते देशातलं पहिलं मधाचं गाव म्हणून जाहीर झालं. तिथल्या एका मावशींनी मला अंगणातली पेटी दाखवली आणि आपल्या पेटीची राणी बारीक झाली की माश्या निघायच्या बेतात असतात, हे सांगितलं. अंडी घालणं थांबतं, तिचं पोट आकसतं, उडता यावं म्हणून. माझी पहिली वसाहत निघून जायच्या चार दिवस आधी मी राणी पाहिली होती आणि वहीत "राणी सडपातळ, चपळ" असं कौतुकाने लिहून ठेवलं होतं.

नानांच्या फडताळात एक लहान बाटली आहे, कारवीच्या मधाची. कारवी सात-आठ वर्षांतून एकदा फुलते, पावसाच्या शेवटाला सगळा उतार जांभळा करते, बी टाकते आणि वाळून जाते. त्या बाटलीतला मध घट्ट, तपकिरी झालाय. खोकल्याला बोटभर देतात. आमच्या मागच्या उतारावरची कारवी सध्या कमरेपर्यंत आली आहे, पुढचा फुलोरा यायला अजून काही पावसाळे आहेत.

आता जून लागलाय. पेट्यांवर गवताची झड बांधून झाली, स्टँडचे पाय पाण्याच्या वाट्यांत आहेत, मुंग्या चढू नयेत म्हणून. रोज संध्याकाळी साखरेचा पाक करतो, एक भाग साखर, एक भाग पाणी, आणि दिवस मावळल्यावर वाटीत ठेवतो, दिवसा ठेवला तर एका पेटीच्या माश्या दुसरीत लुटायला शिरतात. वडील हल्ली वाट्या धुवून ठेवतात. चार पेट्यांपैकी तीन बऱ्या आहेत. चौथीत दोन आठवडे मला अंडी दिसलेली नाहीत. उद्या दुपारी पाऊस तासभर उघडला तर नानांना बरोबर घेऊन ती पेटी एकदाच, पटकन उघडून बघायची आहे.